हाताच्या बदल्यात हात

आत्याने सुनेचा कोपर खांबाला बांधला, मनगट दोन्ही हातांत धरलं, टाच खांबाच्या तळाशी रोवली आणि ओढलं. सुनेच्या दातांत फडक्याची गुंडाळी होती, तरी तिच्यातून जो आवाज निघाला त्याने गोठ्यातल्या शेळ्या रवंथ करायच्या थांबल्या. हाडाची दोन टोकं एकमेकांना सोडून सरकली होती. आत्याचा अंगठा त्यांच्यावरून फिरत राहिला आणि ती समोरासमोर आली तेव्हाच थांबला.

“झालं,” ती म्हणाली. “घे आता श्वास.”

खालच्या अंगाला, लाकडाच्या वखारीतून, धप्प असा आवाज आला. मग माणसाचं ओरडणं. मग पुन्हा धप्प. दर आवाजाला सुनेचं अंग आक्रसत होतं.

“हलू नकोस. पुन्हा सरकलं तर पुन्हा ओढावं लागेल.”

आत्या ही काही कुणाची सख्खी आत्या नव्हती. हाड बसवताना जो तो तिला शिव्या घालायचा, आणि शिव्या घालून झाल्यावर माफी मागायला काहीतरी नातं लागतं, म्हणून गावाने तिला आत्या करून टाकलं होतं. गावातले अर्धे खांदे, गुडघे आणि मनगटं तिच्या हाताखालून गेली होती. कोण झाडावरून पडला, कोण दारू पिऊन पायरीवरून पडला आणि कोण पडलाच नव्हता, हे तिला माणसाने तोंड उघडायच्या आधी कळायचं. ती मात्र ते कधी बोलून दाखवत नसे.

सकाळी तिचा मुलगा बायकोला आधार देत घरी घेऊन आला होता. आल्याआल्या अंगणात उभा राहून ओरडला होता, की ही दोन गावांमधल्या काटेरी तारेपाशी गवत कापत होती आणि पलीकडच्या मेंढपाळाने काठी घालून हिचा हात मोडला. गावाला एवढं पुरेसं होतं. तासाभरात वीस-पंचवीस जण वर गेले. एक मेंढपाळ अडकलेली मेंढी सोडवायला तारेखालून अलीकडे आला होता, तो त्यांना आयताच सापडला. त्याला पाय धरून खडकांवरून ओढत खाली आणलं. वखारीत काय चाललं होतं हे गावात सगळ्यांना ऐकू येत होतं. चौकी दोन तासांच्या वाटेवर होती, आणि अशा दिवशी चौकीवाले कानांवर हात ठेवून बसतात हेही सगळ्यांना ठाऊक होतं.

आत्याने कामट्या लावल्या, पट्टी गुंडाळायला घेतली. मग कोपराची गाठ सोडली तशी सुनेची बाही वर सरकली, आणि आत्याचा हात पट्टीवरच थांबला.

अलीकडचं जंगल वखारीने बोडकं केलं तेव्हापासून अलीकडे गवत उरलंच नव्हतं. पावसाने माती धुऊन नेली होती, उतार खाली सरकत होता. गवत होतं ते तारेपलीकडे. बायका तारेतून खांद्यापर्यंत हात आत घालायच्या आणि विळ्याने मिळेल तेवढं ओढून घ्यायच्या. गावातल्या प्रत्येक बाईच्या हातावर त्या काट्यांचे ओरखडे होते. आत घातलेल्या हातावर कुणी काठी मारली, तर बाई जिवाच्या आकांताने हात मागे ओढणार, आणि तार कातडं सोलून ठेवणार. सुनेच्या हातावर ताजा एकही ओरखडा नव्हता. हाड मोडलं होतं ते करंगळीच्या बाजूचं, बरोबर मध्यावर. डोकं वाचवायला हात वर धरला की तिथेच मोडतं. आणि दंडावर चार बोटांचे निळे वळ होते. तीन पूर्ण, एक अर्धा.

तिच्या मुलाच्या डाव्या हाताचं एक बोट करवतीने अर्धं नेलं होतं. ते तिनेच शिवलं होतं.

“कशाने मारलं?” तिने विचारलं.

“काठीनं. पलीकडच्यानं.”

“मी कुणी ते विचारलं नाही.”

सून खांबाकडे बघत राहिली. खालून पुन्हा ओरडणं ऐकू आलं. या वेळी ते मध्येच तुटलं.

“विळ्याच्या मुठीनं,” सून म्हणाली. “पलीकडच्याचं नाव सांग म्हणून तेच म्हणाले. लोक जमले तेव्हा मी काय बोलणार होते? आई, तो मरेल का हो?”

आत्याने पट्टीचं टोक खोचलं. तिला राग आला होता, आणि तो नेमका कुणाचा ते तिला कळत नव्हतं. बत्तीस वर्षांपूर्वी याच खांबाला टेकून ती बसली होती. हाड हेच, हात डावा. नवऱ्याने सरपणाच्या लाकडाने मारलं होतं, आणि दारात माणसं जमल्यावर पलीकडच्यांचं नाव त्यानेच घेतलं होतं. ती मूग गिळून बसली. तेव्हा तार नव्हती. दोन्ही गावांच्या मेंढ्या एकाच उतारावर चरत, आणि संध्याकाळी आपापल्या वाटेने उतरत. त्या संध्याकाळी इकडची माणसं पलीकडे गेली. त्यांनी तिथली गिरणी जाळली, आत दोघं होते. इकडचा एक परत आला नाही. बावीस वर्षांचा होता. तिसऱ्या दिवशी ओढ्यात सापडला, आणि त्याच्या अंगात न मोडलेलं हाड शोधावं लागलं. मग त्यांची पाळी, मग यांची. मग तार आली, चौकी आली, गवत तिकडे गेलं आणि जंगल इकडे. या सगळ्या वर्षांत मोडलेलं प्रत्येक हाड लोकांनी तिच्याकडेच आणलं, आणि तिने ते बसवलं.

“तू इथेच बस,” ती म्हणाली. पट्टीची एक नवी गुंडाळी कमरेला खोचून ती उठली.

ती वखारीच्या दाराशी पोचली आणि आत करवत सुरू झाली. त्या गोल करवतीचा आवाज गावात लहान मुलंही ओळखत. पात्यासमोर काही नसलं की ती चढ्या आवाजात ओरडते, लाकूड आलं की आवाज खाली येतो. आत्ता आवाज चढा होता. आत्या जवळजवळ पळतच आत शिरली.

मेंढपाळ करवतीच्या टेबलापाशी गुडघ्यांवर होता. एक कान लोंबत होता, शर्ट रक्ताने पाठीला चिकटला होता. डावा हात नको तिथे वाकून लटकत होता. उजवा हात दोघांनी टेबलावर दाबून धरला होता, आणि मनगट पात्याकडे ओढत होता तिचा मुलगा. भिंतीला टेकून बाकीचे उभे होते. इंजिनाच्या दांड्याजवळ वखारवाला होता.

“करवत बंद कर,” आत्या म्हणाली.

“आत्या, तू घरी जा.” वखारवाल्याने दांड्यावरचा हात काढला नाही. “जीव नाही घेत आपण कुणाचा. हाताच्या बदल्यात हात. तेवढी माणुसकी आहे आपल्यात.”

“याने तिचा हात मोडलेला नाही.”

“आई!” मुलगा ओरडला.

आत्याने त्याचा डावा हात मेंढपाळाच्या मनगटावरून ओरबाडून काढला आणि सगळ्यांना दिसेल असा वर धरला. मुलगा अंगापिंडाने आडदांड होता. पण आईने हात धरल्यावर तो कसा सोडवायचा हे त्याला पटकन सुचलं नाही.

“सुनेच्या दंडावर चार बोटं उमटलीत. तीन पूर्ण, एक अर्धं. पलीकडे कुणी अर्ध्या बोटाचा मेंढपाळ असेल तर जा, आणा शोधून.”

मागे कुणीतरी हसलं, आणि आपणच हसलो हे कळून गप्प झालं. मेंढपाळाचा हात धरणाऱ्या दोघांनी वखारवाल्याकडे पाहिलं.

“असेल,” वखारवाला म्हणाला. “नवरा-बायकोत होतं कमी-जास्त. ते घरातलं घरात बघ तू. पण म्हणून हा काय साधू झाला? यांनी कमी का भोगायला लावलंय आपल्याला? माझा दादा काय उगाच मेला? तुझ्याच हातासाठी गेला होता तो, आत्या. तुझ्या हातासाठी.”

दादा गेला तेव्हा वखारवाला सोळा वर्षांचा होता. ओढ्यातून दादाला खांद्यावर घेऊन तोच वर आला होता, आणि आल्यावर त्याचा निखळलेला खांदा आत्यानेच बसवला होता. स्वतःचा डावा हात तेव्हा तिच्या गळ्यात बांधलेला होता. त्या पोराने तिला शिवीसुद्धा दिली नव्हती. एवढंच म्हणाला होता, आत्या, तुला आता कुणी हात लावणार नाही.

“हो,” आत्या म्हणाली. “उगाच मेला.”

करवत चालूच होती, पण ते सगळ्यांना ऐकू गेलं.

“माझा हात माझ्या नवऱ्याने मोडला होता. सरपणाच्या लाकडाने. तुम्ही सगळे दारात आलात, तो काहीबाही सांगत सुटला, आणि मी तोंड उघडलं नाही. तुझा दादा म्हणाला, वहिनी, बघतोच मी त्यांना. मी त्याला जाऊ दिलं.”

वखारवाला दांडा सोडून तिच्याकडे आला. माणसं बाजूला झाली. आता हा मारणार, हे आत्याला दिसत होतं. तिने चष्मा काढून कमरेला खोचला. तो तिच्यासमोर उभा राहिला. मग तो वळला.

“सोडा त्याला,” तो म्हणाला.

मेंढपाळ जमिनीवर कोसळला आणि लाकडांच्या थप्पीकडे सरपटत गेला.

“आणि याला धरा.”

कुणाला धरायचं ते दोघांना आधी कळलं नाही. मग कळलं. ज्या हातांनी मेंढपाळाला दाबलं होतं त्याच हातांनी त्यांनी तिच्या मुलाला दाबलं, आणि जागा तीच, जोर तोच. मुलगा लाथा झाडू लागला तसा तिसऱ्याने पुढे होऊन त्याच्या पोटात गुडघा घातला.

“हाताच्या बदल्यात हात,” वखारवाला म्हणाला. “ठरलंय ना? ठरलं तेव्हा हाच सगळ्यांत मोठ्याने ओरडत होता.” तो परत दांड्यापाशी गेला. “आत्या, कुठल्या हाताने मारलं त्याने तिला?”

सगळे तिच्याकडे बघत होते. मुलगाही बघत होता. त्याच्या नाकातून रक्त येत होतं, आणि चेहरा पार लहानपणीचा झाला होता.

“आई, सांग ना यांना. आई, अगं सांग ना काहीतरी!”

डावा म्हटलं असतं, तर तो हात तसाही अर्धा गेलेलाच होता. पाया पडली असती, तर कदाचित त्यांनी दोन लाथा घालून सोडून दिलं असतं. ठाऊक नाही म्हणून उभी राहिली असती, तर तेही चाललं असतं. गप्प राहायची सवय तिला होतीच. या पोराला तिने सात महिन्यांचा जन्माला घातला होता, आणि तो जगेल असं कुणालाच वाटलं नव्हतं.

“डाव्याने धरलं,” ती म्हणाली. “मारलं उजव्याने.”

मग तिने कमरेची पट्टी काढली. “सरका जरा. आधी बांधू दे. दंड आवळला नाही तर रक्त जाऊन इथेच संपेल तो.”

कुणी हललं नाही, तेव्हा तिनेच धरणाऱ्याला कोपराने बाजूला केलं. मुलाची बाही वर गुंडाळली. दंडाला चार वेढे दिले, गाठीत लाकडाची ढलपी अडकवली आणि पिळत गेली. मुलगा मोठ्याने रडत होता. “मोठा श्वास घे,” ती त्याला म्हणाली. सगळ्यांना म्हणायची तसंच. तिच्या हातांना अजिबात कंप नव्हता, आणि त्याचीच तिला भीती वाटत होती.

“मनगटाच्या वर चार बोटं सोडून काप,” तिने मान वर न करता वखारवाल्याला सांगितलं. “सांध्यावर कापलंस तर जखम नीट मिटत नाही. आणि एका दमात काप. मध्ये थांबलास तर हाड चिरफळतं.”

मुलाचा हात धरणाऱ्यांपैकी एकाने तोंड दुसरीकडे फिरवलं.

करवतीचा आवाज खाली आला. आत्याने डोळे मिटून घेतले. आवाज आणखी खाली आला, आणखी खाली, आणि थांबला. वखारीत मुलाच्या रडण्याखेरीज काही ऐकू येईना. तिने डोळे उघडले तेव्हा वखारवाल्याने दांडा ओढून इंजिन बंद केलेलं होतं आणि तो दोन्ही हात आपल्या शर्टाला पुसत होता.

तिच्याजवळून जाताना तो थबकला.

“बत्तीस वर्षं मी आईला सांगत आलो की दादा...” तो म्हणाला, आणि बाहेर गेला. त्याच्या मागून बाकीचे. एकेकटे, एकमेकांकडे न बघता. मुलाला धरणारे दोघं सगळ्यांत शेवटी निघाले.

मुलगा टेबलाला पाठ लावून खाली बसला होता. बोटं निळी पडायला लागली होती. त्याने हुंदका गिळला.

“आई, सोड ना आता. हात बधिर झालाय.”

आत्याने चष्मा घातला. गाठ समोरच होती; ढलपी काढली असती तर पट्टी आपोआप सैल पडली असती. पलीकडे थप्पीला टेकून मेंढपाळ बसला होता. आपला वाकडा हात दुसऱ्या हाताने छातीशी धरून, ती जवळ येईल की काय या भीतीने तिच्याकडे बघत.

“थांब,” ती मुलाला म्हणाली. “आधी त्याचा बसवते. खांदा धरायला माणूस लागेल. तुझा डावा मोकळा आहे ना? ये.”