त्रास नाही

रायपूरच्या तात्यापारा मोहल्ल्यातल्या एका दुमजली घरात, वरच्या मजल्यावर इंदूबाई आणि श्यामराव राहत. श्यामराव रेल्वेतून रिटायर झाले आणि वर्षाच्या आत त्यांना लकवा मारला. उजवं अंग गेलं, वाचा गेली. ऐकू मात्र सगळं यायचं.

शेजारीच हेमलाल साहूचं साउंड सर्विसचं गोदाम होतं. रायपूर राजधानी झाल्यापासून रोज कुठे ना कुठे सभा, उद्घाटन, स्वागत. हेमलालला उसंत नव्हती. दुपारी चार वाजले की माणसाएवढे स्पीकरचे डब्बे अंगणात मांडून तो गाणी लावून तपासायला घेई, ते थेट सहापर्यंत. मांडणीवरची भांडी थरथरत. श्यामराव डाव्या मुठीत चादर आवळून छताकडे बघत राहत.

पुण्याहून मुलगा शिशिर फोनवर सवयीच्या हिंदीत म्हणायचा, "आई, पुलिस में शिकायत कर दो ना."

"तुले काय जाते सांगायले," म्हणून इंदूबाई विषय बदलत.

दर सोमवारी श्यामरावांना मालिशसाठी दवाखान्यात न्यावं लागे. त्या अरुंद जिन्यातून त्यांना खुर्चीसकट उतरवणारा हेमलालच होता. नुसती हाक मारली की "हव काकी" म्हणत हातातलं काम टाकून भावाला घेऊन येई. दुसऱ्या कोणाला सांगणार?

शेवटी गल्लीतल्या लोकांनीच तक्रार केली. हवालदार जिना चढून इंदूबाईंच्या दाराशी आला. मागे दोन पायऱ्या खाली हेमलाल उभा.

"बीमार आदमी तो आपके घर में है," हवालदार म्हणाला. "आप दो लाइन लिख दो. आज ही सब बंद."

आठ महिने त्या दोन ओळी इंदूबाईंच्या मनात तयार होत्या. त्यांनी हेमलालकडे पाहिलं. तो मान खाली घालून उभा होता. तो भांडला असता तर बरं झालं असतं.

"आमाले काही त्रास नाही, साहेब," त्या म्हणाल्या.

हवालदार गेला. त्या आत आल्या तेव्हा श्यामरावांनी तोंड भिंतीकडे फिरवलं होतं. एवढं वळायला त्यांना किती जोर लागला असेल, हे इंदूबाईंना ठाऊक होतं.

"अहो, मी काय करू? सोमवारी कोणाले बोलावू?" त्यांनी विचारलं. मान वळली नाही.

चारच्या आधी हेमलाल पेढे घेऊन आला. "काकी, तुमने इज्जत रख ली," म्हणत पाया पडला आणि खाली गेला. जरा वेळाने डब्बे सुरू झाले.

इंदूबाईंनी कापसाचे बोळे करून नवऱ्याच्या कानात घातले. श्यामरावांनी डाव्या हाताने एकेक ओढून काढले आणि उशीशी टाकले. मग त्या खाटेवर चढून बसल्या, त्यांचं डोकं मांडीवर घेतलं आणि दोन्ही तळव्यांनी त्यांचे कान दाबून धरले. हात भरून आले तरी सोडले नाहीत. श्यामरावांनी डोळे मिटून घेतले होते. सहा वाजायला अजून दीड तास होता.