बिनकॉलमचा बचावपटू

पहिल्या सत्तावीस सामन्यांत खांबाची जर्सी एकदाही मळली नाही, आणि क्लबच्या मते त्याचं मूळ दुखणं तेच होतं.

खांब हे नाव प्रेक्षकांनी ठेवलेलं. वय एकोणीस, उंची सव्वासहा फूट, जागा बचावफळीच्या मधोमध. तिथे तो नुसता उभा असतो असा लोकांचा समज होता. खरं तर तो सारखा सरकत असे. दोन पावलं डावीकडे, एक मागे, अर्धं पुढे. जिन्यावर समोरून येणाऱ्याला वाट द्यावी इतक्या सहज. फरक एवढाच की हा वाट देत नसे. समोरचा स्ट्रायकर चेंडू घेऊन तावातावाने यायचा, मान वर करायचा, तर घुसायच्या जागी खांब आधीच हजर. पास टाकावा म्हटलं तर त्या वाटेतही खांबाचा पाय. मग तो चेंडू आल्या पावली मागे धाडायचा आणि आपल्याच माणसांवर खेकसायचा. झालं काय? काहीच नाही. सत्तावीस सामने हे 'काहीच नाही' व्यवस्थित चाललं होतं. संघ गोल मारत नव्हता, पण खातही नव्हता, त्यामुळे तळाच्या दोन जागा टाळून कसाबसा तग धरून होता.

अशा वेळी अध्यक्षांनी विश्लेषक नेमला.

अध्यक्षांचा नळांचा कारखाना होता. दिवसाला किती नळ बनले, किती गळले, हे त्यांना झोपेतून उठवून विचारलं तरी सांगता येई. फुटबॉलमध्ये असं काही सांगता येत नाही, याचा त्यांना कित्येक वर्षं मनस्ताप होता. विश्लेषकाने येताच तो दूर केला. हातात टॅबलेट, गळ्यात ओळखपत्र, आणि फुटबॉलला आयुष्यात पाय न लागल्यामुळे आलेली निःपक्षपाती नजर. आठवड्याभरात ड्रेसिंग रूमच्या दारावर तक्ता लागला: पुढल्या हंगामाचा करार हवा असेल तर बचावपटूचे हंगामात किमान तीस टॅकल, गोलकीपरचे किमान साठ बचाव.

टॅकल म्हणजे भिडून समोरच्याच्या पायातला चेंडू काढणं. खांबाचे होते अकरा. सामने उरले होते तीन.

कोचच्या खोलीत त्याला बोलावणं आलं. खोली म्हणजे मुळात जाळ्या ठेवायची जागा. कोच एका पिंपावर बसले होते, विश्लेषक खुर्चीवर.

"अकरा," विश्लेषक म्हणाला. "लीगमधला सगळ्यात कमी आकडा. तुझ्यानंतरचा जो आहे ना, तो पाय मोडून चार महिने घरी होता."

"पण सर, माझ्यापर्यंत कोणी येतच नाही," खांब म्हणाला.

"तेच ना! का येत नाही?"

"मी तिथे असतो म्हणून."

विश्लेषकाने टॅबलेटवर बोट फिरवलं. वर, खाली, पुन्हा वर. "'तिथे असतो' असा कॉलम नाहीये."

खांबाने कोचकडे पाहिलं. कोच बूट बघत होते. बावीस वर्षं स्वतः बचावपटू म्हणून काढलेला माणूस. त्यांना सगळं कळत होतं. पण त्यांचाही करार होता आणि त्यांनाही एक तक्ता होता.

"बघ रे जरा," ते शेवटी म्हणाले. "थोडी धडपड दिसू दे."

करार नाही म्हणजे घरी जाणं. तळाच्या क्लबने सोडलेला, आकडे नसलेला बचावपटू दुसरं कोणी उचलत नाही, हे ड्रेसिंग रूममधल्या पोरासोरांनाही ठाऊक होतं. आणि चेंडूसमोर योग्य जागी उभं राहण्यापलीकडे जगातलं एकही काम आपल्याला येत नाही, हे खांबाला स्वतःला ठाऊक होतं.

घरी त्याने आईला सांगितलं. आई एका लिफ्टच्या कंपनीत तक्रारींचे फोन घ्यायच्या टेबलावर होती.

"आमच्याकडेही हेच," पायातल्या चपला भिरकावत ती म्हणाली. "मेकॅनिकने काम चोख केलं की लिफ्टा बंद पडत नाहीत. मग फोन येत नाहीत. मग साहेब विचारतात, बाई, तुम्ही आज दिवसभर काय केलंत?"

"मग तू काय सांगतेस?"

"मी? मी दुपारी तुझ्या मावशीला फोन करायला लावते. तिची लिफ्ट आठवड्यातून दोनदा अडकते. राहते तळमजल्यावर."

खांबाला हा सल्ला वाटला नाही, पण डोक्यात मात्र राहिला.

दुसऱ्या दिवशी सरावाच्या वेळी गोलकीपरने त्याला गोलखांबापाशी गाठलं. गोलकीपर छत्तीस वर्षांचा होता, गुडघ्यांना पट्टे, कमरेला पट्टा. सगळा क्लब त्याला मामा म्हणे.

"काय रे, माझे बचाव किती झालेत माहितीये? एकेचाळीस. साठ पाहिजेत. आणि कोणामुळे?"

"कोणामुळे मामा?"

"वर तोंड करून विचारतोस? अरे तुझ्यामुळे! माझ्याकडे चेंडू येतो का कधी? परवाच्या सामन्यात मी ग्लोव्ह्ज घातले ते घड्या मोडायला फक्त. घरी दोन पोरी आहेत माझ्या, त्या म्हणतात बाबा टीव्हीत दिसतच नाहीत."

"सॉरी मामा."

"सॉरी नको. माणसं सोड."

म्हणजे असं ठरलं: खांबाने मुद्दाम दोन पावलं चुकीच्या जागी उभं राहायचं. स्ट्रायकर आत घुसला की मागून धावत सुटायचं आणि घसरत जाऊन चेंडू काढायचा, की झाला टॅकल. नाही जमलं तर स्ट्रायकर गोलवर मारणार आणि मामा अडवणार, की झाला बचाव. दोघांचंही नाही जमलं तर गोल होणार. पण त्याचा कॉलम या दोघांपैकी कोणाच्याच तक्त्यात नव्हता.

अठ्ठाविसाव्या सामन्यात खांब पहिल्यांदा चुकीच्या जागी उभा राहिला. उलट्या पायात बूट घातल्यासारखं वाटलं त्याला. स्ट्रायकरला तर इतकी मोकळी जागा बघून क्षणभर काही सुचेचना. त्याला वाटलं शिट्टी झाली. मग तो सुटला, मागून खांब सुटला, आणि पाच मीटर घसरत जाऊन त्याने चेंडू असा उडवला की तो पहिल्या रांगेतल्या एका गृहस्थांच्या चहाच्या कपात... म्हणजे कपावर बसला. प्रेक्षक उभे राहिले. सत्तावीस सामने ज्याला "हल की रे!" म्हणून ओरडत होते, त्याच्या नावाने टाळ्या. शेवटी सहा टॅकल, मामाचे आठ बचाव, आणि संघ दोन विरुद्ध तीन गोलांनी हरला.

"आता कसं!" अध्यक्ष मैदानाबाहेर नेणाऱ्या बोगद्यात त्याची चिखलाने माखलेली पाठ थोपटत म्हणाले आणि रुमालाला हात पुसत गेले. "याला म्हणतात बचाव!"

पुढल्या सामन्यात सात टॅकल आणि मामाचे सात बचाव. संघाने चार गोल खाल्ले. स्थानिक वर्तमानपत्राने 'वाघासारखा लढला' असा मथळा देऊन खांबाचा आडवा फोटो छापला. तो उभा असतानाचा एकही फोटो त्यांच्याकडे नव्हता. आईने तो कापून फ्रिजवर लावला आणि विचारलं, "तू पडलास का रे?"

राहता राहिला शेवटचा सामना. हिशेब सोपा होता: खांबाला सहा टॅकल हवे होते, मामाला चार बचाव, आणि संघाला किमान बरोबरी. हरलो तर खालच्या लीगमध्ये रवानगी, आणि तिथे निम्मा संघ काढून टाकण्याचा रिवाज होता. मग तुमचा तक्ता भरलेला असो की कोरा. दोन हरलेल्या सामन्यांनी ही पाळी आणली होती. त्या दोन सामन्यांतला सर्वोत्तम खेळाडू दोन्ही वेळा खांबच ठरला होता.

पहिल्या हाफमध्ये सहा टॅकल झाले. संघ मात्र शून्य विरुद्ध दोन गोलांनी मागे. मामाचा एकही बचाव नाही, कारण आलेले दोन्ही फटके जाळ्यात गेले होते.

हाफ टाइमला विश्लेषकाने येऊन अंगठा दाखवला. "तीस! झालं तुझं."

कोचनी फळ्यावर एक रेघ मारली, पुसली, आणि सगळे बाहेर पडत असताना खांबाच्या कानाशी म्हणाले, "आता झाले ना तीस? मग आता खेळशील का?"

दुसऱ्या हाफमध्ये खांब पुन्हा जिथे असायला हवं तिथे गेला. दोन पावलं डावीकडे, एक मागे. समोरच्या स्ट्रायकरने तीनदा मान वर केली, तीनदा चेंडू मागे पाठवला आणि चौथ्यांदा आपल्या कोचकडे बघून हात पसरले. इकडे आपल्या पोरांनी एका कॉर्नरवर एक गोल उरकला. प्रेक्षक मात्र कंटाळले. "झोपला रे खांब!" वगैरे सुरू झालं.

त्याहून जोरात मागून मामा ओरडत होता. "अरे सोड ना एखाद्याला! चार पाहिजेत मला, चार!"

"मामा, गोल होईल!"

"मी अडवीन ना!"

"मघाशी अडवलेत का दोन?"

यावर मामाने कमरेचा पट्टा उगाच आवळला, आणि ते बघून खांबाला फार वाईट वाटलं. मामाच्या पुढे आता फारशी वर्षं नव्हती. हा एक करार, फार तर त्यानंतरचा एक.

तेवढ्यात एक लांब चेंडू हवेतून आला. आसपास कोणी नव्हतं. पायाने मागे दिलेला चेंडू गोलकीपरला हातात घेता येत नाही, डोक्याने दिलेला चालतो. खांबाने डोकं लावलं आणि चेंडू अलगद मामाकडे वळवला. लहान मुलालाही झेलता आला असता. मामाने एक क्षण विचार केला आणि उजवीकडे झेप घेतली. गुडघ्याचे पट्टे, कमरेचा पट्टा, सगळ्यासकट आडवा. चेंडू पोटाशी धरून दोन कोलांट्या. कोपऱ्यात विश्लेषकाचं बोट हललं.

एक.

असं आणखी तीनदा झालं. चौथ्या वेळी तर मामाने झेप आधी घेतली, चेंडू नंतर आला. शेवटच्या पाच मिनिटांत संघाचा दुसरा गोल झाला, सामना बरोबरीत सुटला, क्लब लीगमध्ये राहिला, आणि मामा खांबाच्या गळ्यात पडून खरोखर रडला.

सोमवारी अध्यक्षांच्या कचेरीत निकाल होता. भिंतीवर चकचकीत नळ ओळीने लावलेले. अध्यक्ष, कोच, विश्लेषक, आणि बाहेर बाकावर आपला करार छातीशी धरून मामा. दार उघडंच होतं.

"टॅकल तीस," विश्लेषक म्हणाला. "पण एक अडचण आहे. गोलकीपरचे चार बचाव लागलेत. आता बचाव आहे म्हटल्यावर कोणीतरी गोलवर मारलेलं असणार. नाहीतर तक्ता जुळत नाही. तर ते चारही फटके याने मारलेत."

"कुठल्या गोलवर?" अध्यक्षांनी विचारलं.

"आपल्या."

कोच भिंतीवरचे नळ बघू लागले.

"स्वतःच्या गोलवर चार वेळा?" अध्यक्ष खुर्चीतून अर्धे उठले. "आमच्या पोटावर उठलास की काय? आणि तो मामा नसता तर?"

"मामा होते म्हणून वाचलो," विश्लेषकाने दुजोरा दिला. "नियमाप्रमाणे स्वतःच्या गोलवरच्या प्रत्येक फटक्याला एक टॅकल वजा. सव्वीस."

खांबाने तोंड उघडलं. फटके नव्हते ते, चेंडू मामाच्या हातात दिले होते, एवढं एक वाक्य पुरे होतं. त्या वाक्याने त्याचे चार परत मिळाले असते आणि बाहेर बाकावरच्या माणसाचे चार गेले असते. दारातून मामाचे फक्त बूट दिसत होते. ते हलायचे थांबले होते.

"चूक झाली," खांब म्हणाला. "ऊन डोळ्यावर आलं."

"चारदा?"

"चारदा."

अध्यक्षांनी त्याची फाइल मिटली. तेव्हा इतका वेळ नळ बघत बसलेल्या कोचनी घसा खाकरला. "साहेब, एक विचारू? हा नुसता उभा असतो तेव्हा आपल्यावर गोल होत नाहीत. सत्तावीस सामने, आणि परवाचा दुसरा हाफ. ते कुठे धरलंय?"

"त्याला कॉलम नाही," अध्यक्ष आणि विश्लेषक एकदम म्हणाले.

"मग बिनकॉलमच्या खात्यात घ्या. धोबी, ड्रायव्हर, माळी यांना कुठे तक्ता आहे? तिथे नोंदवा. खेळायचा लीगचा परवाना मी काढतो."

अध्यक्ष विचारात पडले. पगार निम्मा होणार होता. वेतनात बचत, हा कॉलम होता. त्यांनी मान डोलावली.

खांबाने सही केली. बाहेर येताच मामा उठून उभा राहिला. त्याने खांबाची बॅग उचलली आणि बसस्टॉपपर्यंत वाहून नेली. छत्तीस वर्षांचा गोलकीपर, कमरेला पट्टा. खांबाने मागितली तरी दिली नाही.

संध्याकाळी आईने नवं ओळखपत्र हातात घेतलं, चष्मा लावला आणि मोठ्यांदा वाचलं. "विभाग: मैदान व गवत." मग ओळखपत्र उलटंसुलटं करून पाहिलं. "खेळायचं आहे ना पण?"

"हो. सगळे सामने."

"आणि टॅकल?"

"मोजणार नाहीत."

आईने ओळखपत्र त्याच्या गळ्यात घातलं, दोरी सरळ केली आणि एक पाऊल मागे होऊन त्याच्याकडे बघितलं.

"मग आता उभा राहा खुशाल," ती म्हणाली.