चार खून आणि एक स्वयंपाकघर

लायल, माझा नवरा, लॉस एंजेलिसमध्ये उभी हयात स्वस्तातले सिनेमे लिहीत आणि दिग्दर्शित करत आला. काम मिळेनासं झालं तेव्हा तो गुन्हेकथांकडे वळला. पहिल्या कादंबरीत चार खून, आणि चारही एकाच स्वयंपाकघरात!

संपादिका ऑडेलचा फोन आला. "अहो, तिथे तिघं मेल्यावर चौथा माणूस कॉफी करायला जातोच कशाला?"

"जागा बदलली की खर्च वाढतो," लायल म्हणाला.

"कसला खर्च? कागदावर महापूरसुद्धा फुकट येतो!"

झालं, स्वारी पेटली. पुढच्या कादंबरीत त्याने महापूर आणला, जहाज जाळलं आणि खुन्याला हत्तीवरून पळवलं.

"अरे, हत्ती कशाला?" मी विचारलं.

"फुकट आहे!"

पुस्तक धडाधड खपलं. एका कंपनीने सिनेमासाठी ते विकत घेतलं आणि दिग्दर्शन लायललाच दिलं. पटकथा लिहायला म्हणून तो खुशीत स्वतःचंच पुस्तक उघडून बसला. वाचत वाचत जहाज जळेपर्यंत त्याचा चेहरा पार उतरला होता.

"कुठल्या गाढवाने लिहिलंय हे?" तो माझ्यावरच ओरडला. "सगळं एका स्वयंपाकघरात उरकलं असतं की!"