मधल्या पट्ट्यात

क्विन्सी पडला तेव्हा मी प्रेक्षकांत त्याच्या बायकोला, मर्लीनला, खेटून बसले होते. सप्टेंबरातली दुपार, दोघींच्या मधे चिकन विंग्जचा एकच डबा. क्विन्सी आणि माझा नवरा लव्हेल, दोघेही आमच्या अमेरिकन फुटबॉल संघातले झेलणारे. क्वार्टरबॅकने चेंडू फेकायचा आणि यांनी जीव खाऊन पळत जाऊन तो हवेत पकडायचा. लव्हेल कडेने पळायचा. क्विन्सी मैदानाच्या मधून, आडवा. मधून पळणाऱ्याचे डोळे चेंडूवर असतात, पुढून कोण येतंय ते त्याला दिसत नाही.

क्विन्सीने उडी मारली, दोन्ही हात वर केले, आणि पलीकडच्या संघाचा ऑगलट्री नावाचा बचावपटू त्याच्या मानेवर येऊन आदळला. आवाज आमच्यापर्यंत आला. क्विन्सी गवतावर उताणा पडला आणि हात तसेच ताठ, हवेत.

"हात खाली का घेत नाहीये तो?" मर्लीन मला हलवत होती. "रेनिटा, सांग ना गं, हात का खाली घेत नाहीये?"



तो जगला. मान वाचली, पण डावा पाय लुळा पडला. लव्हेल भेटायला गेला की क्विन्सी पडल्या पडल्या म्हणायचा, "माझी जागा गरम ठेव रे. फार नको, नाहीतर तिथेच पसरशील."

जागा खरोखरच लव्हेलकडे आली. आता मधून त्याने पळायचं.

 घरी फ्रिजचं दार मागे धाडकन लागलं तरी त्याचे खांदे कानांपर्यंत यायचे. मैदानावर तर सगळ्यांनाच दिसलं. चेंडू नेमका छातीशी यायचा आणि ऐन वेळी त्याचे हात आखडायचे. आमच्याच मागच्या रांगेतून एकजण ओरडला, "पावलं ऐकतोय बघा! अरे, हात कशाला दिलेत देवाने, खिशात घालायला?" पावलं ऐकणं म्हणजे मार बसेल या भीतीने चेंडू सोडणं; झेलणाऱ्याला याहून वाईट शिवी नाही. मी मागे वळून बघितलंही नाही. चेंडू निसटला, म्हणजे तो उभा आहे, एवढंच माझ्या मनात.

एकदा जेवताना मीच विषय काढला. "भीती वाटते ना?"

त्याने काटा खाली ठेवला. "चेंडू हवेत गेला की मला क्विन्सीचे हात दिसतात."

"मग सोड ना हे सगळं."

"सोडून काय करू? शाळेपासून हेच करतोय. आणि क्विन्सीला काय सांगू, तुझी जागा टाकून पळालो?"

"जिवंत आहेस एवढं सांग."

त्यावर तो उठून गेला. ताट तसंच राहिलं.

डिसेंबरात त्याच संघाशी पुन्हा सामना आला. मर्लीन म्हणाली, "मला बोलावूच नकोस." मी एकटीच गेले.  थंडीने नाक बधिर झालं होतं.

सामना संपत आलेला, आम्ही मागे. लव्हेल मधून निघाला. चेंडू उंच आला. समोरून, अगदी त्याच रेषेत, ऑगलट्री.  लव्हेलचे हात वर गेले. या वेळी आखडले नाहीत. पोट, बरगड्या, मान, सगळं उघडं.

आणि ऑगलट्री थांबला. हातभर अंतरावर टाचा रोवून, जणू पुढे विहीर होती. लव्हेलने झेल घेतला आणि थेट मैदानाच्या टोकापर्यंत पळाला, आणि आम्ही जिंकलो. लोक नाचत होते. मी पायरीवरच बसले.

 गाडीत लव्हेल म्हणाला, "डोळे मिटले होते त्याने, रेनिटा. मारणाऱ्याने!"

सामन्यानंतर तो ऑगलट्रीला शोधत गेला होता. ऑगलट्री बाकावर एकटाच बसलेला, प्रशिक्षक शिव्या घालून निघून गेलेला.

"काय झालं रे तुला?" लव्हेलने विचारलं.

"तू दिसलाच नाहीस. क्विन्सीच दिसला," ऑगलट्री म्हणाला. "चालतो का तो?"

"काठीने."

"मला भेटेल?"

लव्हेलने फोन करून विचारलं. क्विन्सी म्हणाला, "आत्ता नको. त्याचं नाव काढलं तरी माझी मान भरून येते."

ऑगलट्रीला त्याच्या संघाने काढून टाकलं. घाबरट, असा शिक्का बसला. दुसऱ्या कुणी त्याला घेतलं नाही. वसंतात क्विन्सीने आपणहून त्याला ये म्हणून निरोप पाठवला, तेव्हा लव्हेलच ऑगलट्रीला घेऊन गेला. मीही होते. एवढा आडदांड माणूस, पण फाटकापाशी थबकला. "मी आत नाही येत," म्हणू लागला. क्विन्सी ओसरीवरून ओरडला, "ये रे, आता मी पळून तुझ्या वाटेत येणार नाहीये."

ते तिघे बाहेर बसले. मर्लीन स्वयंपाकघरातून बाहेर आली नाही. मी तिच्यापाशी थांबले. बाहेर कुणीतरी रडत होतं, कोण ते आम्ही बघितलं नाही.

लव्हेल अजून खेळतो, अजून मैदानाच्या मधूनच पळतो. भीती गेली का, असं मी विचारलं, तर म्हणाला, "नाही. पण हात वर जातात." समोरून येणारा प्रत्येक जण थांबणार नाही, हे आम्हा दोघांनाही ठाऊक आहे. या रविवारी परत सामना आहे, आणि मी पुन्हा त्याच रांगेत जाऊन बसणार आहे.