अर्ध्या दिव्यांचा खेळ

भिजलेलं बिस्कीट मनगटाला चिकटलं होतं, आणि ते खरवडून काढेपर्यंत पडद्यावरची नामावली निघूनही गेली – म्हणजे तिचं नावसुद्धा. संकलनाखालचं. चुकलंच! दीड वर्षाची ठमी मांडीवरून घसरत होती, मागे कुणाचं तरी तान्हं टाहो फोडत होतं, दिवे अर्धेच मालवलेले, आवाज अर्धाच ठेवलेला... लेकुरवाळ्यांसाठी खास सकाळचा खेळ म्हणे. पहिल्या खेळाच्या दिवशी ठमीला ताप होता, तेव्हा घरी कोण थांबणार हे कुणी तिला विचारलंसुद्धा नव्हतं. दिग्दर्शक नवराच; तो कसा थांबेल?

शेवट जवळ आला तशी ती सावरून बसली. मुलगा जिना उतरून जातो, आई दारात उभी राहते, आणि अकरा सेकंद काही म्हणजे काही ऐकू येत नाही. त्या अकरा सेकंदांसाठी ती नवव्या महिन्यात, सुजलेले पाय समोरच्या खुर्चीवर टाकून, नवऱ्याशी तीन आठवडे भांडली होती. शेवटी तो म्हणाला होता, "बरं बाई, तुझंच खरं. आता तू बाळाकडे बघ, बाकीचं किरकोळ मी बघतो."

शेजारची बाई बाळाला खांद्यावर टाकून उठली. "अहो, तुम्ही पाहिलाय का आधी? शेवट काय होतो? यानं शी केलीय, मला जावंच लागेल."

"आई काही बोलत नाही. सगळं एकदम शांत होतं."

"एवढंच?"

"एवढंच."

आई दारात आली... आणि व्हायोलिन सुरू झालं. एक नाही, चांगली दहाबारा – गळा काढून रडणारी. किरकोळ! माझे अकरा सेकंद किरकोळ? वर्षभर एकाच घरात राहून, एकाच ताटलीतलं खाऊन, हा माणूस एका शब्दानं बोलला नाही – आणि मी त्याचे शर्ट वाळत घालत होते!

ठमी मात्र हरखली. दोन रांगांमधल्या वाटेत जाऊन, दोन्ही हात वर करून, त्या व्हायोलिनवर गरगर नाचू लागली. "अगं बाई, किती गोड!" बायका टाळ्या वाजवत होत्या. ठमीनं वळून आईकडे पाहिलं, शाबासकीसाठी.

आणि तिला ठमीचा राग आला. नवऱ्यावरचा उरलासुरला नव्हे. खास ठमीचाच, सणसणीत. एरवी असं काही मनात नुसतं डोकावलं तरी ती स्वतःला फाडून खाई, पोरीचे पापे घेत सुटे. आत्ताही ती थांबली – येईलच आता ती टोचणी, नेहमीसारखी... ठमी हात पसरून उभी होती. टोचणी आली नाही. ती तशीच बसून राहिली, आणि कितीतरी महिन्यांनी तिला अगदी स्वच्छ वाटलं.