दाराची बाहेरची बाजू

मी एकतीस नंबरची बोट बोलतेय. दुसऱ्या महायुद्धात सैनिकांना थेट किनाऱ्यावर उतरवायला मला बांधलं. चपटं बूड, लाकडी कडा आणि समोर पोलादी दार. दार खाली पाडलं की त्याचाच उतार व्हायचा, अन् पोरं त्यावरून धावत सुटायची.

माझा चालक मर्व्ह, बावीस वर्षांचा ऑस्ट्रेलियन. किनारा जवळ आला की तो आधी मागचा नांगर टाकायचा. "शिरण्याआधी निघायची सोय," म्हणायचा. परतताना त्याच दोरानं आम्ही स्वतःला मागं ओढून घ्यायचो. तोंड किनाऱ्याकडेच.

त्रेचाळीस साली इथंच, पॅसिफिकमधल्या सॉलोमन बेटांवर, जपान्यांवर चढाई ठरली. वाटाड्या होता गावचाच एसाउ. पहाटे पाणी बघून तो म्हणाला, "भरती दुपारशिवाय यायची नाही. खडकावर अडकाल. अन् खडकापुढं दोन पुरुष खोल पाणी आहे."

मोहिमेचे प्रमुख कप्तान विदरबी हसले. "बाळा, तू जन्मायच्या आधीपासून मी भरतीची कोष्टकं वाचतोय."

"समुद्रानं वाचलीत का?"

"तोंड सांभाळ!"

थोरांचं हे असंच. चुका ते अनुभवानं करतात, मरायला पोरं असतात.

मी खडकावर आदळले. लगेच समोरून गोळ्या सुरू झाल्या. मागच्या जहाजावरून कप्तानांचा हुकूम आला, "दार पाडा!" शेजारच्या बोटीनं पाडलं. पाठीवरच्या ओझ्यासकट पोरं उतरली ती सरळ तळाला गेली. वर नुसते बुडबुडे.

माझ्या पोटात बत्तीस जण होते. मर्व्हचा हात दाराच्या दांड्यावर होता.

"पाडू नकोस," एसाउ ओरडला.

"हुकूम आहे रे!"

"मग हुकमालाच आधी उतरव!"

मर्व्हनं हात काढला. सगळ्यांना मागं सरकवून त्यानं नांगराचा दोर ओढायला लावला. दारावर गोळ्यांचा ताशा वाजत होता आणि मी इंच इंच मागं सरकत होते. दुपारी भरती आली, मी खडकावरून तरंगत किनाऱ्याजवळ पोचले, तेव्हा तेच बत्तीस कमरेएवढ्या पाण्यातून चालत किनाऱ्याला लागले.

कप्तानांनी नोंद केली : 'गोळीबार सुरू होण्याआधीच चालक घाबरून परतला.' साक्षीला ना बत्तिसांतलं कुणी बोलावलं, ना एसाउला. मर्व्हला नौदलातून हाकललं. बापानं त्याच्याशी बोलणं टाकलं, ते मरेपर्यंत.

पन्नास वर्षं झाली. मी या गावच्या किनाऱ्यावर स्मारक होऊन पडलेय. दार वाळूत पालथं. अंगावर पाटी, पाटीवर कप्तानांचं तेच वाक्य. लोक दार तुडवत आत येतात आणि ते वाचून जातात.

मंगळवारी समारंभ आहे. मर्व्ह येतोय. पाहुणे ठेचकाळू नयेत म्हणून ही पाटी लावणाऱ्या स्मारक समितीचे म्हातारे अध्यक्ष हेन्री आज दाराभोवती सिमेंट ओतून घेताहेत. ते एकदा घट्ट झालं, की संपलं. पण दारावर एसाउ बसलाय.

"ऊठ रे, सिमेंट वाळतंय."

"वाळू दे. आधी दार उलटं करा."

"जुनं कशाला उकरतोस?"

"तू पन्नास वर्षं त्यावर बसलायस, हेन्री. मी आजच बसलोय."

कुणी हसलं. हात मात्र एकही पुढं आला नाही. ऊन चढतंय, घमेल्यातलं सिमेंट आळत चाललंय.

वाचणाऱ्यांनो, फुलं नकोत. दहा जण या, दार उचला आणि खालून हात फिरवा. घाबरून आधीच परतलेल्या बोटीला इतक्या गोळ्या लागत नाहीत. आणि त्याही समोरून.