मिलाडाचं वाक्य

न्यूयॉर्कच्या एका स्टुडिओतून दर रविवारी गाणी, कसरती, कुत्र्यांचे खेळ, सगळं टीव्हीवर थेट घराघरांत दिसायचं. चुकलं तर चुकलं, पुन्हा घेणं नाही. आज अँटन ह्रुस्काच्या बाहुल्यांना चार मिनिटं मिळाली होती. जमलं तर दर रविवारचं काम, नाहीतर बाहुल्या पेटीत आणि अँटन मेहुण्याच्या बेकरीत.

म्हातारा-म्हातारीचं भांडण हा खेळ तो आणि मिलाडा लग्नापासून करत आले. प्रेक्षकांना दिसू नये म्हणून फळीआड खांद्याला खांदा लावून दोघं उभी राहायची. म्हातारा त्याच्या हातात, म्हातारी तिच्या. फेब्रुवारीत मिलाडा गेली. आता दोन्ही बाहुल्या त्याच्याच हातांत. हालचाल जमली, पण आवाज? खोलीत एकटा बसून तो रोज तिचा आवाज काढायचा, आणि हुबेहूब निघाला की बिचाऱ्याला रडू फुटायचं.

"काका, मध्ये थांबायचं नाही हं," निर्माता सिड म्हणाला. "शांतता पसरली की लोक बटण फिरवतात."

"आमची म्हातारी कधी तोंड मिटते का?" अँटन म्हणाला.

दिवे लागले. म्हाताऱ्याने विचारलं, "माझी टोपी कुठे ठेवलीस गं?"

आणि तिथेच घोळ झाला. ज्याचं वाक्य त्याचीच बाहुली हलणार, ही दोघांची जुनी शिस्त. अँटनचे हात थांबले, मान डावीकडे वळली, आणि तो मिलाडाच्या वाक्याची वाट बघत राहिला. ती नाही हेच तो साफ विसरला होता. डावीकडे नुसता लाकडी खांब होता.

स्टुडिओत बसलेल्या प्रेक्षकांत कुणीतरी फिस्कन हसलं. त्यांना वाटलं, म्हातारी रुसली.

"अगं, बोल ना," अँटनच्या तोंडून निघालं. हशा वाढला. "एकदा तरी बोल गं." सगळं सभागृह लोटपोट झालं.

खेळ संपताच सिड धावत आला. "काका, कमाल केलीत! दर रविवारी हेच पाहिजे. म्हातारीला एक शब्द बोलू देऊ नका, काय?"

"नाही बोलणार," अँटन म्हणाला.

त्याने डाव्या हातातली म्हातारीची बाहुली काढून पेटीत ठेवली. काम मिळालं होतं. उद्यापासून खोलीत बसून तिचा आवाज काढायचं काही कारण उरलं नव्हतं.